सगळे पैसे तांदळालाच दिले तर?

या महिन्याच्या टपालात एकाच विषयावरची बरीच पत्रं आहेत: घरखर्चाचं समीकरण, त्याचा आलेख, आणि आलेख अक्षांना जिथे छेदतो ते बिंदू. दहावीच्या बीजगणिताचं पहिलंच प्रकरण दोन चलांतील रेषीय समीकरणांचं, त्यामुळे पालकांची पत्रं जास्त असणार हे ओघानं आलंच. पण एक पत्र बँकेतून निवृत्त झालेल्या गृहस्थांचं आहे आणि एक रेशनकार्डाबद्दलचं. म्हणून आजचा सगळा सदर याच विषयाला देते.

नमस्कार बाई. माझी मुलगी दहावीत आहे. शिकवणीत तिला असं उदाहरण दिलं होतं: ६०० रुपयांत ६० रुपये किलोचा तांदूळ आणि १५० रुपये किलोची तूरडाळ घ्यायची, सगळे पैसे संपवायचे. समीकरण मांडा, आलेख काढा, तो अक्षांना कुठे छेदतो ते लिहा. ती भराभर ‘क्ष शून्य, य शून्य’ करते, १० आणि ४ ही उत्तरं बरोबर काढते, पण बिंदू लिहिताना (०, १०) आणि (४, ०) असे उलटे लिहिते. ‘शून्य का ठेवतेस?’ असं विचारलं तर ‘तसंच करायचं असतं’ म्हणते. माझं शिक्षण बारावीपर्यंतचं. तिला कसं समजावू?
— एक आई, संगमनेर

ताई, तुम्ही बाजार रोज करता. हे समजवायला तेवढं भांडवल भरपूर झालं.

समीकरण लिहिलेली वही आधी मिटून ठेवायला सांगा. मग विचारा, ‘हे सगळे सहाशे रुपये तांदळालाच दिले, तर किती तांदूळ येईल?’ ती तोंडी सांगेल, दहा किलो. लगेच पुढचा प्रश्न: ‘आणि डाळ?’ इथे ती क्षणभर थांबेल, कारण हा प्रश्न तिला कुणी विचारलेला नाही. डाळ शून्य. आता कोऱ्या कागदावर तिच्याच हातानं लिहून घ्या: तांदूळ १०, डाळ ०. कंसात घातलं की झाला (१०, ०). मग उलटं विचारा, सगळे पैसे डाळीला दिले तर? तांदूळ ०, डाळ ४. म्हणजे (०, ४). छेदनबिंदू सापडले, आणि ‘क्षच्या जागी शून्य’ हे शब्द अजून कुणी उच्चारलेही नाहीत.

मग वही उघडा आणि समीकरण बघा:

६०क्ष + १५०य = ६००

इथे क्ष म्हणजे तांदळाचे किलो, य म्हणजे डाळीचे किलो. य = ० ठेवणं म्हणजे ‘डाळ घेतलीच नाही’ असं म्हणणं. ते शून्य तिनं स्वतः बाजारात उभं राहून ठरवलेलं आहे, पुस्तकानं दिलेलं नाही. एवढं कळलं की ‘तसंच करायचं असतं’ हे उत्तर आपोआप बंद होतं.

आता उलट लिहिण्याबद्दल. ही चूक मी इतक्या वह्यांत पाहिली आहे की तिचा उगम मला पाठ आहे. ‘क्ष-अक्षावरचा छेदनबिंदू काढा’ असा शब्द कानावर पडला की हात क्षलाच शून्य करायला धावतो. खरं तर क्ष-अक्षावर उभं असताना शून्य असतो तो य. त्या आडव्या अक्षावरचे सगळे बिंदू म्हणजे डाळ न घेता केलेली खरेदी: एक किलो तांदूळ, दोन किलो, सात किलो, आणि डाळ कुठेच नाही. उभ्या अक्षावर तांदूळ नाही. म्हणून फळ्यावर अक्ष काढले की मी आधी क्ष लिहीत नाही. आडव्या अक्षाच्या टोकाला ‘तांदूळ, किलो’ आणि उभ्या अक्षाच्या माथ्यावर ‘तूरडाळ, किलो’ असं लिहिते. क्ष आणि य त्याखाली, बारीक अक्षरात. मुलीलाही ही सवय लावा. पाठ्यपुस्तकात असतो तसाच तीन ओळींचा तक्ता करायचा, फक्त डावीकडे वस्तूचं नाव आणि एकक लिहायचं:

तांदूळ किलो, क्ष: ०, ५, १०
तूरडाळ किलो, य: ४, २, ०
बिंदू: (०, ४), (५, २), (१०, ०)

मधला (५, २) मुद्दाम घेतला आहे. रेषा काढायला दोन बिंदू पुरतात, पण दोन बिंदू चुकीचे असले तरी त्यांच्यातून एक सरळ रेषा जातेच आणि ती दिसायला अगदी नेटकी असते. तिसरा बिंदू चूक उघडी पाडतो. तुमच्या मुलीच्या उलट्या बिंदूंतून, म्हणजे (०, १०) आणि (४, ०) मधून रेषा काढलीत, तर (५, २) त्या रेषेच्या बाहेर पडेल. पाच किलो तांदळाचे तीनशे आणि दोन किलो डाळीचे तीनशे, हिशेब तर चोख सहाशेचा आहे. मग बाहेर पडतो तो कसा? तिलाच शोधू द्या.

याहून जलद तपासणी पैशांची. (०, १०) म्हणजे तांदूळ शून्य आणि डाळ दहा किलो. दहा किलो तूरडाळीचे दीड हजार होतात, हातात सहाशे आहेत. हे तिच्या तोंडून एकदा आलं की पुढे ती बिंदू उलटे लिहिणार नाही. आणखी एक खूण कायमची लक्षात ठेवण्याजोगी आहे: स्वस्त वस्तूच्या अक्षावर रेषा लांब जाऊन टेकते, महाग वस्तूच्या अक्षावर आरंभबिंदूच्या जवळ. आलेख पुरा झाल्यावर नुसती नजर टाकली तरी कळतं.

दोन बारीक गोष्टी. समीकरणाला ३० ने भागून २क्ष + ५य = २० केलं तर चालतं, परीक्षेत तसंच करावं, आकडे आटोक्यात राहतात. छेदनबिंदू तेच येतात, २० भागिले २ म्हणजे १० आणि २० भागिले ५ म्हणजे ४. फक्त आता ते २ आणि ५ म्हणजे भाव राहिलेले नाहीत, भावांचं गुणोत्तर तेवढं उरलं आहे. शाब्दिक उदाहरणात ‘तांदळाचा भाव किती?’ असं पुढे विचारलं तर मूळ ओळीकडेच परत जायचं. दुसरी गोष्ट, नुसत्या समीकरणाच्या आलेखात रेषेच्या दोन्ही टोकांना बाण काढतात, कारण ती दोन्हीकडे वाढत जाते. खरेदीत उणे दोन किलो डाळ नसते. म्हणून या उदाहरणात रेषा अक्षांपाशीच थांबते, आणि छेदनबिंदू हेच तिचे अंत्यबिंदू असतात.

बाई, आडव्या अक्षावर तांदूळच घ्यायचा का? मैत्रिणीनं डाळ घेतली आणि तिची रेषा माझ्यापेक्षा वेगळी आली. कुणाचे मार्क जातील?
— इयत्ता दहावी, मालवण

कुणाचेच नाहीत. तू क्ष म्हणजे काय मानलंस ते पहिल्या ओळीत लिहिलं असशील, तर तुझं बरोबर. तिनं लिहिलं असेल, तर तिचंही. ती ‘क्ष = डाळीचे किलो’ मानत असेल तर तिचे छेदनबिंदू (४, ०) आणि (०, १०) येतील आणि ते तिच्यासाठी बरोबरच आहेत. वरच्या पत्रातल्या मुलीनं तांदूळ क्ष मानून हेच बिंदू लिहिले, म्हणून तिचे चुकले. ‘मानू’ ही ओळ गाळू नकोस, सगळी मदार तिच्यावर आहे. आणि आलेखाच्या कागदावर वरच्या उजव्या कोपऱ्यात प्रमाण लिहायला विसरू नकोस: दोन्ही अक्षांवर १ सेंमी = १ किलो. या उदाहरणात तेवढं प्रमाण कागदावर छान बसतं.

माझं स्टेशनरीचं दुकान आहे. मुलाच्या गृहपाठात असं होतं: ३०० रुपयांत ४० रुपयांची वही आणि १५ रुपयांचं पेन. सरांनी एक छेदनबिंदू (७.५, ०) काढून दिला. साडेसात वह्या मी आजवर कुणाला विकल्या नाहीत. उत्तर ७ लिहायचं की ७.५?
— एक दुकानदार, बार्शी

दादा, तुमचा प्रश्न रास्त आहे. आणि शाळेत तो विचारला जात नाही याचं मला वाईट वाटतं.

आलेखावर ७.५ च. ४०क्ष + १५य = ३०० या समीकरणाचा आलेख क्ष-अक्षाला (७.५, ०) मध्येच छेदतो. तुम्ही तिथे ७ घेतलेत तर रेषा वाकडी जाईल आणि बाकीचे सगळे बिंदू चुकतील. पण ‘जास्तीत जास्त किती वह्या घेता येतील?’ असा प्रश्न असेल तर उत्तर ७, आणि हातात २० रुपये उरतात. दोन वेगळे प्रश्न, दोन वेगळी उत्तरं, दोन्ही बरोबर. तांदूळ-डाळीच्या उदाहरणात अडचण आली नाही, कारण अडीच किलो तांदूळ तोलून मिळतो. वही आणि पेन मोजून घ्यायच्या वस्तू.

मुलाला यापुढची एक गोष्ट करायला लावा, खरी गंमत तिच्यात आहे. या रेषेवर पूर्णांकांचे बिंदू किती आहेत ते शोधू द्या, म्हणजे अशी खरेदी की वह्याही अख्ख्या, पेनंही अख्खी, आणि तीनशेतला रुपयाही उरत नाही. पाचाने भागलं तर समीकरण ८क्ष + ३य = ६० होतं. य-अक्षावरचा छेदनबिंदू (०, २०), वीस पेनं, इथून सुरुवात करायची. एक वही घेतली तर ४० रुपये मोकळे करायला हवेत, आणि पंधराच्या पटीत चाळीस येत नाहीत. दोन वह्यांचे ८०, तेही येत नाहीत. तीन वह्यांचे १२०, म्हणजे बरोबर आठ पेनं. म्हणून पुढचा बिंदू (३, १२), त्यापुढचा (६, ४). आणखी आठ पेनं परत करायला चारच उरलीत, तेव्हा इथे थांबायचं. साऱ्या रेषेवर तुमच्या गल्ल्याला पटतील असे बिंदू तीनच: (०, २०), (३, १२), (६, ४). क्ष-अक्षावरचा छेदनबिंदू त्यांत नाही. बाकीच्या खरेद्या रेषेच्या आतल्या बाजूला पडतात, काही पैसे सुटे राहतात. सात वह्या आणि एक पेन घेतलं तर २९५ होतात, पाच रुपये परत.

दुकानात गिऱ्हाईक नसेल तेव्हा मुलाला खरोखरच वह्या-पेनं समोर मांडून हे करू द्या. तीन वह्या उचल, आठ पेनं ठेव. कागदावर रेषेचा उतार समजावताना जे अर्ध्या तासात होत नाही, ते तिथे होतं.

बँकेतून निवृत्त झालो. नातवाला शिकवताना जुनी आठवण झाली, आम्हाला क्ष/अ + य/ब = १ असं एक रूप होतं, अ आणि ब म्हणजे दोन अक्षांवरचे छेद. तेव्हा घोकलं, पण त्याचा उपयोग काय ते कधी कळलं नाही. या खर्चाच्या उदाहरणात त्याला काही अर्थ आहे का?
— एक वाचक, ठाणे

काका, अर्थ आहे, आणि माझ्या मते या सगळ्या विषयातला सर्वांत सुंदर भाग तोच आहे.

तांदूळ-डाळीचंच समीकरण घेऊ. दोन्ही बाजूंना ६०० ने भागा:

क्ष/१० + य/४ = १

खालचे १० आणि ४ हे आपले अक्षांवरचे छेद. आता पहिल्या अपूर्णांकाकडे नीट बघा. दहा किलो तांदूळ म्हणजे सगळे पैसे. पाच किलो घेतला तर ५/१०, म्हणजे निम्मे पैसे. साडेसात किलो घेतला तर पाऊण भाग पैसे. क्ष/१० हा अपूर्णांक म्हणजे एकूण पैशांतला तांदळाचा वाटा. तसाच य/४ हा डाळीचा वाटा. आणि उजवीकडचा १ म्हणजे सगळे पैसे. आख्खं समीकरण एवढंच म्हणतं की तांदळाचा वाटा अधिक डाळीचा वाटा म्हणजे पूर्ण रक्कम. पैसे, भाव, किलो, सगळं गळून गेलं आणि नुसते वाटे उरले. आयुष्यभर खातेवह्या पाहिलेल्या माणसाला हे रूप आवडेलच.

हेच वाटे रेषेवर डोळ्यांनी दिसतात. नातवाला पट्टी घेऊन (०, ४) पासून (१०, ०) पर्यंतच्या रेषाखंडाचा मध्यबिंदू काढायला सांगा. तो (५, २) येईल, आणि तिथे तांदळाला तीनशे, डाळीला तीनशे. हा काही योगायोग नाही. कुठलेही दोन भाव घ्या, कितीही पैसे घ्या, दोन छेदनबिंदूंच्या बरोबर मध्ये पैशांची निम्मी-निम्मी वाटणी असते. डाळीच्या टोकाकडून निघून पाऊण वाट चाललात तर (७.५, १) वर पोचता: तांदळाचे साडेचारशे, डाळीचे दीडशे. पाऊण आणि पाव. म्हणजे छेदनबिंदू नक्की झाले की मधल्या कुठल्याही बिंदूचा हिशेब नुसत्या पट्टीनं करता येतो, भाव विसरलात तरी.

मी वर्गात याच्यापुढे नेहमी एक प्रश्न ठेवते: किलोंची संख्या समान असेल असा बिंदू कुठे येईल? बरीच मुलं मध्यबिंदूच दाखवतात. मग क्ष = य ठेवून बघायला सांगते. २१०क्ष = ६००, क्ष साधारण २.८६. तो बिंदू मध्यापेक्षा बराच डावीकडे, डाळीच्या टोकाकडे सरकलेला. वजन सारखं ठेवलं की पैसे डाळीकडे जास्त जातात, हे आईला माहीत असतं, मुलाला आलेखावर पहिल्यांदा दिसतं.

वाट्यांचा विचार पुढे फार दूर जातो. जर्मन संख्याशास्त्रज्ञ एर्न्स्ट एंगेल यांनी १८५७ साली बेल्जियममधल्या कुटुंबांच्या खर्चाच्या नोंदी अभ्यासून दाखवलं की उत्पन्न वाढतं तसा खाण्यावरच्या खर्चाचा वाटा कमी होत जातो. रक्कम वाढली तरी वाटा घटतो. अर्थशास्त्रात आजही त्याला एंगेलचा नियम म्हणतात. तो वाटा म्हणजे शेवटी आपल्या क्ष/१० सारखाच एक अपूर्णांक.

मी बी. ए. च्या पहिल्या वर्षाला आहे. अर्थशास्त्रात अंदाजपत्रक रेषा आहे. भाव बदलला की ती ‘फिरते’ आणि उत्पन्न बदललं की ‘सरकते’ असं लिहून दिलंय. कधी फिरते आणि कधी सरकते हे लक्षात राहत नाही.
— एक विद्यार्थिनी, लातूर

लक्षात ठेवूच नकोस. तुझी अंदाजपत्रक रेषा म्हणजे आपली वरची तांदूळ-डाळीचीच रेषा. दर वेळी दोन भागाकार कर, रेषा काय करते ते तेच सांगतील. एकूण पैसे भागिले तांदळाचा भाव, एकूण पैसे भागिले डाळीचा भाव. बस.

डाळ १५० वरून २०० झाली. ६०० भागिले ६०, अजूनही १०. ६०० भागिले २००, आता ३. तांदळाकडचं टोक जागच्या जागी, डाळीकडचं चारवरून तीनवर उतरलं. एक टोक खिळलेलं आणि दुसरं हललं, म्हणजे रेषा फिरली. तांदळाचं टोक का हललं नाही, हेही बघ: जो डाळ घेतच नाही त्याला डाळ महागल्याचं काय? त्याची खरेदी तशीच राहते. मधल्या सगळ्यांना मात्र झळ बसते, आणि जो जितका डाळीच्या टोकाजवळ, तितकी जास्त.

आता भाव तेच ठेवून पैसे ९०० कर. १५ आणि ६. दोन्ही टोकं दीडपट लांब गेली, रेषा बाहेर सरकली आणि जुन्या रेषेला समांतर राहिली. उतार बदलला नाही, कारण उतार भावांच्या गुणोत्तरावर ठरतो: एक किलो डाळ सोडली की अडीच किलो तांदूळ येतो, १५० भागिले ६०. छेदांवरूनही तेच निघतं, १० भागिले ४ किंवा १५ भागिले ६. परीक्षेत उताराला उणे चिन्ह द्यायचं, एक वाढलं की दुसरं घटतं म्हणून. आणि क्ष-अक्षावर तांदूळ असेल तर पुस्तकी उतार उणे ०.४ येईल, एक किलो तांदळामागे ०.४ किलो डाळ. अडीच आणि ०.४ या एकाच गोष्टीच्या दोन बाजू आहेत, गोंधळू नकोस.

आता सरांना विचारण्यासारखी गोष्ट. दोन्ही भाव २० टक्क्यांनी वाढले, तांदूळ ७२ आणि डाळ १८०, पण पैसे ६०० च. भागाकार कर: ८.३३ आणि ३.३३. रेषा आत सरकली, समांतर. आता जुने भाव ठेव आणि पैसे ५०० कर. पुन्हा ८.३३ आणि ३.३३! तीच रेषा. भाव सरसकट वाढले आणि पगार तिथेच राहिला, तर आलेखाच्या दृष्टीनं कुणीतरी तुझ्या पाकिटातून शंभर रुपये काढून घेतल्यासारखंच आहे. आणि पैसेही २० टक्क्यांनी वाढून ७२० झाले तर पुन्हा १० आणि ४, जणू काही घडलंच नाही. महागाई भत्ता कशासाठी मागतात, ते या दोन भागाकारांत आहे.

किराणा घरपोच मागवतो, त्याचे ६० रुपये वेगळे लागतात. ते समीकरणात कुठे जातात?
— एक वाचक, पुणे

ते तांदळालाही नाहीत, डाळीलाही नाहीत, म्हणून क्ष आणि य दोघांपासून अलग: ६०क्ष + १५०य + ६० = ६००. उजवीकडे नेले की उरतात ५४०, छेद ९ आणि ३.६. रेषा समांतर राहून आत येते. पिशवी घेऊन स्वतः गेलात तर एक किलो तांदूळ जास्त.

आमच्या शेजारच्या आजी एकट्या राहतात. प्राधान्य कुटुंबाचं कार्ड आहे, महिन्याला पाच किलो धान्य मोफत मिळतं. मी त्यांच्या नातीला, नववीच्या मुलीला शिकवते. तिनं विचारलं, आजीचा आलेख पण असाच येईल का? मला सांगता आलं नाही.
— एक शिक्षिका, नंदुरबार

त्या मुलीला माझा शाबासकीचा निरोप द्या. हा प्रश्न महाविद्यालयातल्या पुस्तकात शोभेल असा आहे, आणि तिनं तो स्वतःच्या घरातून काढला.

राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा २०१३ चा. त्यानुसार प्राधान्य कुटुंबातल्या प्रत्येक माणसामागे महिन्याला पाच किलो धान्य मिळतं (अंत्योदय कार्डावर कुटुंबाला पस्तीस किलो), आणि जानेवारी २०२३ पासून ते मोफत आहे. सोपं जावं म्हणून आपण धरू की आजींना पाचही किलो तांदूळच मिळतो, आणि त्यांच्याकडे बाजारासाठी तेच ६०० रुपये आहेत.

सगळे पैसे डाळीला दिले तर? डाळ चार किलो, आणि तांदूळ शून्य नाही. रेशनचा पाच किलो घरात आहेच. म्हणून रेषेचा वरचा कोपरा (५, ४). आता सगळे पैसे तांदळाला: दुकानातला दहा आणि रेशनचा पाच, (१५, ०). या दोन बिंदूंना जोडा, तिरपी रेषा मिळेल, उतार जुनाच, फक्त पाच घरं उजवीकडे सरकलेली.

आता खरा प्रश्न: य-अक्षावर काय होतं? मुलगी समीकरण मांडेल. विकत घेतलेला तांदूळ (क्ष – ५) किलो, म्हणून ६०(क्ष – ५) + १५०य = ६००, म्हणजे ६०क्ष + १५०य = ९००. क्ष = ० ठेवलं की य = ६. बीजगणित म्हणतं छेदनबिंदू (०, ६). पण आजींना सहा किलो डाळ मिळेल का? त्यांच्या हातात सहाशेच रुपये आहेत, चार किलोच येणार. ६ हा आकडा येतो तो रेशनचा पाच किलो तांदूळ बाजारभावानं विकून तीनशे रुपये केले आणि त्यांची दोन किलो डाळ आणली, असं गृहीत धरल्यामुळे. रेशनचं धान्य विकायची परवानगी नाही. म्हणून हे समीकरण क्ष पाचाहून कमी असताना लागूच पडत नाही. आजींनी रेशन उचललंच नाही तरी डाळ चारच किलो, बिंदू (०, ४). तिथून (५, ४) पर्यंत आडवी, सपाट रेषा जाते, आणि मग कोपऱ्यातून खाली वळते.

त्या सपाट तुकड्यावर मुलीला थोडा वेळ थांबवा. तिथे उजवीकडे सरकताना तांदूळ वाढतो आणि डाळ जराही घटत नाही. उतार शून्य. फुकट मिळतं याचा आलेखातला अर्थ हाच. २०२३ च्या आधी रेशनचा तांदूळ तीन रुपये किलो होता, तेव्हा हा तुकडा अगदी सपाट नव्हता: पाच किलोचे पंधरा रुपये गेले की ५८५ उरत आणि डाळ ३.९ किलो येई. म्हणून (०, ४) पासून (५, ३.९) पर्यंत अगदी हलका उतार, पुढे दुकानातल्या भावाचा तीव्र उतार, शेवट (१४.७५, ०) वर. दोन भाव, म्हणून दोन उतार आणि मध्ये एक कोपरा. तिला हे दोन्ही आलेख एकाच कागदावर दोन रंगांत काढू द्या. (५, ४) आणि (५, ३.९) मधला फरक एक मिलीमीटरचा येईल, तेव्हा पेन्सिलीला चांगलं टोक करायला सांगा.

आणि (०, ६) खोडू नका. तिरपी रेषा कोपऱ्यापासून डावीकडे तुटक रेषेनं वाढवून तो बिंदू तिथेच राहू द्या. नववीच्या मुलीला समीकरणानं दिलेला छेद आणि आजींना मिळणारा छेद शेजारी शेजारी दिसले पाहिजेत. या दोन बिंदूंमधलं अंतर दोन किलोंचं का, हे तिला स्वतः काढता आलं तर मला जरूर कळवा.